बाळाचं नाव 'ऋत' ठेवायचंय, मुलगा झाला तरी आणि मुलगी झाली तरी

चाफा_इंदिरानगर | सोमवार, रात्री १०:४०

नमस्कार मंडळी. मला सातवा महिना लागलाय. पहिलटकरीण आहे, त्यामुळे घरात सध्या एकच विषय, नाव. फ्रिजवर दोन कागद लावलेत, एक मुलाच्या नावांचा, एक मुलीच्या. येणारा-जाणारा त्यात भर घालतो. १९९४ च्या कायद्यामुळे पोटातल्या बाळाचं लिंग कुणी सांगत नाही, आणि सांगूही नये. म्हणजे दोनपैकी एक कागद फुकट जाणार हे आधीच ठरलेलं. पण आत्ता लाथा मारतंय त्या बाळाला मी कुठल्या कागदावरून हाक मारू?

गेल्या मंगळवारी सकाळी ओट्यापाशी मेथी निवडत होते. सासूबाई देवापुढे अथर्वशीर्ष म्हणत होत्या. 'ऋतं वच्मि। सत्यं वच्मि।' लग्नाला चार वर्षं झाली, रोज ऐकते. माहेरीही ऐकलंय. त्या दिवशी मात्र ते कानात अडकलं. पूजा आटोपल्यावर विचारलं, "आई, ऋतं वच्मि म्हणजे?" म्हणाल्या, "खरं तेच बोलते." "आणि सत्यं वच्मि?" त्या थांबल्या. गंधाची वाटी हातातच राहिली. म्हणाल्या, "तेही खरंच की गं."

मग दोन शब्द कशाला, हा प्रश्न दिवसभर डोक्यात राहिला. रात्री ह्यांनी जुना संस्कृत कोश काढला. 'ऋत' नपुंसकलिंगी शब्द निघाला. ना तो, ना ती. मी तेव्हाच म्हटलं, सापडलं.

आता घरची मतं. सासूबाई म्हणतात, मुलगी झाली तर नाव आकारान्त नाहीतर ईकारान्त हवं, 'ऋता' ठेवा. माझी आई सिन्नरहून फोनवर म्हणाली, "रुत? काटा रुतल्यासारखं वाटतं." ह्यांना नाव आवडलंय, पण इंग्रजी स्पेलिंगची धास्ती आहे.

मला प्रामाणिक मतं हवीत. अर्थ नीट माहीत असेल त्यांनी सांगा. असं दोघांना चालणारं नाव ज्यांनी जन्मभर वागवलंय, त्यांनी तर जरूर लिहा.

---

जुनी_पोथी | सोमवार, रात्री ११:२५

चाफाताई, सासूबाईंचं चुकलं नाही, पण अर्थ त्याहून मोठा आहे. सत्य म्हणजे जे आहे ते. ऋत म्हणजे ते ज्या क्रमानं, ज्या नियमानं चालतं ते. सूर्य उगवतो, पाऊस पडतो, नदी उताराकडे धावते, दिलेला शब्द पाळला जातो, या सगळ्याला वेदांत एकच शब्द आहे. धातू 'ऋ', म्हणजे जाणे, पोचणे. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातलं १९० वं सूक्त 'ऋतं च सत्यं च' असंच सुरू होतं, तापलेल्या तपातून ऋत आणि सत्य जन्मले असं तिथे म्हटलंय. आधी ऋत आहे, मग सत्य, मग रात्र, समुद्र, संवत्सर. संध्या करणाऱ्यांच्या तोंडी ते आजही आहे. मित्र-वरुणांना ऋताचे रक्षक म्हटलंय.

उलटा शब्द आपण ऐकलेला असतो: अनृत, म्हणजे खोटं. 'प्रियं च नानृतं ब्रूयात्'. ऋताला 'अन्' लागला की अनृत.

या शब्दाचं कूळ दूरवर पसरलंय. पारशांच्या अवेस्ता या धर्मग्रंथातला 'अश' आणि जुन्या फारसीतला 'अर्त' हे ऋताचे सख्खे भाऊ. आपल्या देवळालीत पारशी कुटुंबं आहेत, त्यांच्यातलं अर्देशीर हे नाव त्याच 'अर्त'वरून आलंय. ज्याचं राज्य ऋतानं चालतं तो.

घरच्यांसाठी एक मुद्दा. याच शब्दावरून मुलांची नावं झाली आणि मुलींचीही. मदालसेचा नवरा ऋतध्वज. आणि योगसूत्रात प्रज्ञेला 'ऋतंभरा' म्हटलंय, ते आज मुलीचं नाव आहे. दोन्ही नावांच्या पोटात एकच ऋत. तुम्ही फक्त मूळ शब्दाकडे परत जाताय.

---

शीतल_सातपूर | मंगळवार, सकाळी ७:५०

वागवणाऱ्यांना लिहा म्हणालात म्हणून लिहितो. माझं नाव शीतल. मी पुरुष आहे, वय ४७, मूळ सांगलीकडचा, सातपूरला एमआयडीसीत २१ वर्षं नोकरी. आमच्या जैन समाजात शीतलनाथ हे दहावे तीर्थंकर, त्यामुळे आमच्या गावात माझ्या वर्गातच दोन शीतल होते, दोघंही मुलगे. नाशिकला आलो आणि माझं नाव एका रात्रीत बाईचं झालं.

खोटं सांगत नाही, त्रास झाला. पहिल्या दिवशी गेटवर रखवालदार म्हणाला, "मॅडम कुठायत?" कंपनीच्या बसच्या यादीत माझं नाव बायकांच्या रांगेत होतं. एकदा रेल्वेच्या तिकिटावर एजंटनं परस्पर 'स्त्री' टाकलं आणि मनमाडपर्यंत तिकीट तपासनिसाला ओळखपत्र दाखवून समजावत होतो.

पण ताई, दुसरी बाजूही ऐका. फोनवर माझं नाव ऐकून लोक आधी मऊ बोलतात. समोर आल्यावर एकदम आवाज बदलतो. या २१ वर्षांत मी इतकं शिकलो की बाईशी आणि बाप्याशी लोक किती वेगळं बोलतात. माझ्या बरोबरीच्या एकाही माणसाला हे माहीत नाही. माझ्या मुलींशी मी जसा वागतो त्यात या नावाचा वाटा आहे, असं मला मनापासून वाटतं.

जाता जाता: आमच्या कोल्हापूर-सांगलीकडे बायकाही 'मी आलो', 'मी जेवलो' म्हणतात. इकडच्यांना नवल वाटतं. आम्हाला कधी वाटलं नाही.

---

नवी_आई_सिडको | मंगळवार, सकाळी ९:१५

सुंदर नाव. अनुमोदन. मी तुमच्या जागी असते तर डोळे मिटून ठेवलं असतं. 'दव' आणि 'क्षितिज' पण नपुंसकलिंगीच आहेत, आमच्या यादीत होती. शेवटी घाबरून गोंडस नाव ठेवलं. शाळेत वर्गात त्याच नावाच्या चौघी आहेत.

---

मेनरोडची_मावशी | मंगळवार, दुपारी १:३०

मी विरोधात लिहिणार आहे, राग मानू नकोस गं. अर्थ चांगला आहे यात वाद नाही. पण नाव हे दुसऱ्याच्या जिभेसाठी असतं. कोशात शोभणारा शब्द आणि तिसऱ्या मजल्यावरून खाली खेळणाऱ्या पोराला मारायची हाक, यात फरक आहे. 'ऋत' म्हटलं की तोंड मिटतं, शेवटी लांबवायला स्वरच नाही. 'अनिकेऽऽत' लांबतं, 'मीराऽऽ' लांबतं. 'ऋत' कुठे लांबवशील?

शिवाय पोरं चिडवतात. तुझ्या आईला काटा सुचला, पोरांना चिखलात रुतलेलं चाक सुचेल. लग्नानंतर चाळीस वर्षं मी 'लोकांनी नीट न उच्चारलेलं' नाव वागवलंय, म्हणून तळमळीनं सांगते. गॅलरीत जा, दहा वेळा मोठ्यानं हाक मार, मग ठरव.

---

चाफा_इंदिरानगर | मंगळवार, रात्री ९:०५

मावशी, राग कसला. खरंच गॅलरीत गेले. पहिल्या तीन हाका मलाच अवघड वाटल्या. चौथ्या हाकेला तोंडातून आपोआप "ऋऽऽत" निघालं, 'ऋ' लांबला, 'त' शेवटी टेकला. खालून शेजारच्या काकू म्हणाल्या, "कुणाला बोलावतेस?" मी पोटावर हात ठेवला. त्या हसल्या आणि म्हणाल्या, "ऋतू म्हणेन मी. मला तेच जमेल."

तर हाक जमतेय, मावशी. रुतणं मात्र मनातून जात नाहीये, खोटं कशाला बोलू.

---

द्राक्षबाग_दिंडोरी | मंगळवार, रात्री १०:२०

ताई, मी शेतकरी माणूस, संस्कृत येत नाही. जुनी_पोथींनी लिहिलेलं दोनदा वाचलं, कारण ऋत म्हणजे काय ते मला बागेत कळतं, शब्द फक्त माहीत नव्हता.

एप्रिलमध्ये खरड छाटणी, ऑक्टोबरमध्ये गोडी छाटणी. छाटणी झाली की डोळे फुगतात, पोंगा निघतो, मग फुलोरा, मग मणी धरतात, मग मण्यात पाणी उतरतं. पाणी उतरलं की मणी बोटानं दाबून बघायचा, कडक होता तो मऊ लागतो. सगळा चार महिन्यांचा हिशेब. एक पायरी सुटली तर पुढची येत नाही. माझ्या वडलांना तारखा पाठ नव्हत्या, तरी ते घड बघून दिवस सांगायचे.

आणि हे मोडतं तेव्हा काय होतं तेही बघितलंय. गोडी भरलेल्या घडावर अवकाळी पाऊस पडला की मणी तडकतात. सकाळी बागेत गेलं की आंबूस वास येतो आणि मधमाश्या घोंगावतात. औषधानं डाऊनीची बुरशी आवरते, तडकलेला मणी सांधत नाही. वर्षाची मेहनत दोन तासांत जाते. घरी कुणी कुणाशी बोलत नाही.

रुतणं वाईट असं तुम्हाला का वाटतं? बागेत खांब रोवतो तो रुतला पाहिजे, नाहीतर मांडव वाऱ्यानं आडवा होतो. आमच्याकडं रुतला म्हणजे पक्का बसला. हे नाव ठेवा. मुलगा की मुलगी हे वेलीला कुठं विचारतो आपण.

---

चाफा_इंदिरानगर | मंगळवार, रात्री १०:४५

दादा, तुमचा प्रतिसाद आईला फोनवर वाचून दाखवला. खांबाचं ऐकून गप्प झाली. मग म्हणाली, "शेतकऱ्यापुढे मी काय बोलणार."

---

शरणपूरकर | बुधवार, सकाळी ८:१०

स्पेलिंगबद्दल एक सावधगिरी. मी इंग्रजी शिकवते. 'आर-यू-टी' लिहिलंत तर इंग्रजीत तो शब्द चाकानं पडलेल्या खाचेचा, अडकून पडल्याचा होतो, आणि जनावरांच्या माजालाही तोच शब्द. परदेशात शिकायला गेलेल्या मुलाला त्रास होईल. शेवटी 'एच' जोडलात तर ते रूथ होतं, बायबलमधल्या रूथचं, म्हणजे दावीद राजाच्या पणजीचं नाव. आमच्या शरणपूरच्या वस्तीत ते मायेनं ठेवतात, पण ते मुलीचंच आहे. 'आर-यू-टी-ए' केलंत तर सगळे 'ऋता' वाचणार.

माझं मत 'आर-आय-टी'. ऋषी आपण म्हणतो 'रुषी', लिहितो 'आर-आय'नंच, आणि कुणी अडत नाही. हिंदी माणूस 'रित' म्हणेल, चालू द्या, त्यांच्याकडे ऋ तसाच उच्चारतात.

---

बालवाडी_ताई | बुधवार, दुपारी ४:००

सगळ्यांचं वाचलं. माझा मुद्दा व्याकरणाचा आहे, पण तो मी पुस्तकातून काढलेला नाही, रोज दोन-तीन वर्षांच्या पोरांत बसून सुचलाय.

आपल्या मराठीत मूल जन्मतं ते नपुंसकलिंगात. बाळ झालं. बाळ रडलं. लेकरू भुकेलंय. मूल रांगायला लागलं. तान्हं झोपलंय. घरातल्या सगळ्यांना मुलगा की मुलगी ते माहीत असतं, तरी तोंडातून 'झोपलं'च येतं. हिंदीत हे नाही, तिथे बच्चा सोया नाहीतर बच्ची सोई. आपल्या भाषेनं तिसरं लिंग सांभाळून ठेवलंय आणि त्यातली सगळ्यात जिव्हाळ्याची जागा तान्ह्या बाळाला दिलीय. वासरू, कोकरू, पिल्लू, पाडस, सगळी त्याच ओळीत.

मग ते कधी संपतं? माझ्या वर्गात संपतं. मूल 'मी' म्हणायला शिकतं तेव्हा. कारण मराठीत 'मी' म्हटलं की पुढच्या क्रियापदात ठरवावंच लागतं, जातो की जाते. गेल्या वर्षी एक अडीच वर्षांची चिमुरडी होती, घरी मोठा भाऊ. ती रोज दारात उभी राहून सांगायची, "ताई, मी आलो!" पहिल्या दिवशी मी सवयीनं म्हटलं, "आलो नाही, आले म्हण." तिनं माझ्याकडे बघितलं, मागे वळून दाराबाहेर गेली, परत आत आली आणि म्हणाली, "मी आलो." तिला वाटलं, तिचं येणंच नीट झालं नाही. त्यानंतर मी तिला कधी दुरुस्त केलं नाही. दोन महिन्यांत इतर मुलींचं ऐकून आपणहून 'आले' म्हणायला लागली.

तेव्हा 'नावावरून मुलगा की मुलगी कळणार नाही' ही भीती मराठीत फार धरू नका. पहिल्या वाक्यात कळतंच. क्रियापद ते काम करतं. मग नावानंही तेच काम का करावं? नावाला दुसरं काही सांगू द्या. ऋत हे नाव नपुंसकलिंगी आहे म्हणून ते बाळाला अगदी पहिल्या दिवसापासून बसतं. 'ऋत झोपलं', 'ऋत उठलं' म्हणून बघा. जीभ अडखळत नाही.

---

जुनी_पोथी | बुधवार, सायंकाळी ६:३५

बालवाडीताई, हे मला सुचलं नव्हतं. नमस्कार.

सासूबाईंच्या आकारान्त-ईकारान्ताला शास्त्राचा आधार आहे हे मान्य करायला हवं. आश्वलायन गृह्यसूत्रात तर मुलाचं नाव सम अक्षरांचं आणि मुलीचं विषम अक्षरांचं असावं असं सांगितलंय. पण आज सीमा, मीरा, उषा, राधा ही सगळी दोन अक्षरी नावं मुलींचीच आहेत आणि कुणाचं काही अडलेलं नाही. हा नियम आपण कधीच सोडून दिलाय.

---

नोंदवही | बुधवार, रात्री ८:५०

कागदपत्रांचं सांगतो, यात लोक नंतर हेलपाटे घालतात. जन्माची नोंद २१ दिवसांत व्हायला हवी. नाव न घालताही नोंद होते, आणि पुढे १२ महिन्यांपर्यंत नाव विनाशुल्क घालता येतं, त्यानंतर शुल्क भरून १५ वर्षांपर्यंत. म्हणजे घाई नाही. पण उशीरही करू नका, कारण १ ऑक्टोबर २०२३ नंतर जन्मलेल्यांना शाळा, पासपोर्ट, आधार, सगळीकडे जन्मदाखलाच दाखवावा लागतो.

१ मे २०२४ पासून जन्मलेल्या बाळांच्या नावात आपल्या राज्यात आईचं नावही येतं: बाळाचं नाव, आईचं, वडलांचं, मग आडनाव. मला हे फार आवडलं. ऋतच्या मागे आई आणि बाप दोघंही उभे. लिंगाचा रकाना वेगळाच असतो, त्यामुळे नावानं तिथे घोळ होत नाही.

अर्ज स्वतः भरा, मराठी आणि इंग्रजी दोन्ही स्वतःच्या हातानं, मोठ्या अक्षरात. माझ्या मुलीचं 'ऋचा' दवाखान्यातल्या अर्जावर कुणीतरी 'रुचा' केलं. ऋषींच्या ओठांवरची ती तोंडाच्या चवीची झाली. दुरुस्तीला पाच महिने गेले.

---

पाणपोई | बुधवार, रात्री ११:५५

इथे पहिल्यांदाच लिहितेय. माझं मोठं लेकरू आज २३ वर्षांचं आहे. आम्ही मुलगी म्हणून वाढवलं, देवीचं नाव ठेवलं, माझ्या सासूबाईंचं. १९ व्या वर्षी त्यानं सांगितलं की तो मुलगा आहे. राजपत्रात नाव बदललं, त्यातली धावपळ आम्ही दोघांनी मिळून केली. तो आता आनंदात आहे, नोकरी करतो, माझ्या हातची साबुदाणा खिचडी मागतो.

पण जुनं नाव मला मिटवावं लागलं. पाळण्यात मीच कानात सांगितलेलं. कपाटात त्या नावाचं भरतकाम केलेलं दुपटं आहे, ते त्याच्यासमोर उघडत नाही. चाफाताई, तुमच्या बाळाचं असं काही होईल म्हणून मी हे लिहीत नाही. एवढंच सांगते की काहीही झालं तरी टिकेल असं नाव ठेवायची संधी मला मिळाली असती तर मी घेतली असती.

---

चाफा_इंदिरानगर | गुरुवार, सकाळी ६:३०

पाणपोई, तुमचा प्रतिसाद वाचल्यावर बराच वेळ काही सुचलं नाही. दुपटं जपून ठेवा. तुमच्या लेकाला माझा नमस्कार सांगा.

---

सावानाचा_सभासद | गुरुवार, सकाळी ११:१५

सार्वजनिक वाचनालयात बसून हा धागा वाचला. एक गोष्ट कुणीच लिहिली नाही याचं नवल वाटलं. आपल्या गावाला ज्या नावाचा सगळ्यात जास्त अभिमान, ते नावच बघा. तात्यासाहेबांचं जन्मनाव गजानन. दत्तक गेल्यावर विष्णू वामन शिरवाडकर झाले. पण कवी म्हणून त्यांनी जे निवडलं ते सहा भावांत एकुलत्या एक असलेल्या धाकट्या बहिणीवरून. कुसुमचा अग्रज, कुसुमाग्रज. १९८७ सालचं ज्ञानपीठ ज्या नावावर आलं, त्या नावाची सुरुवातच मुलीच्या नावानं होते. आणि कुसुम हा शब्दही नपुंसकलिंगीच.

तेव्हा कुणी म्हणालं की हे पुरुषाला शोभत नाही किंवा बाईला शोभत नाही, तर त्याला २७ फेब्रुवारीला वाचनालयात घेऊन या.

---

मेनरोडची_मावशी | गुरुवार, दुपारी २:४०

माझा विरोध मागे. बालवाडीताईंच्या त्या चिमुरडीनं घेतला. पण हाक मात्र मी 'ऋतुल्या' अशीच मारणार, सांगून ठेवते.

---

चाफा_इंदिरानगर | अडीच महिन्यांनी, रविवार, रात्री ११:१०

मंडळी, बाळ झालं. आम्ही दोघं सुखरूप आहोत. काल बारसं झालं.

बालवाडीताई, तुमचा प्रतिसाद वाचल्यापासून घरात सगळे नपुंसकलिंगीच बोलतात, इतके की परवा बघायला आलेल्या आत्यांनी अर्ध्या तासानं विचारलं, "अगं, पण काय झालंय ते तरी सांग." सांगितलं. त्या म्हणाल्या, "बरं," आणि पुन्हा टोपड्यावरून हात फिरवत म्हणाल्या, "केवढंसं आहे."

गुरुजींनी पत्रिका मांडली. पुष्य नक्षत्र, तिसरा चरण, अक्षर 'हो' आलं. सासूबाई हिरमुसतील असं वाटलं होतं. त्यांनी 'हो'वरून एक नाव गुरुजींना सुचवलं, ते पत्रिकेत गेलं, व्यवहारातलं वेगळं. पाळण्याशी कानात कुर्र करायला माझी नणंद वाकली तेव्हा सासूबाई तिला म्हणाल्या, "नीट सांग हं, ऋ म्हण, रु नको." मग स्वतःच पुढे झाल्या आणि त्यांनीच सांगितलं.

नोंदवहीकाका, अर्ज मीच भरला, मोठ्या अक्षरात. मराठीत ऋत, इंग्रजीत 'आर-आय-टी', मागे माझं नाव, मग ह्यांचं. खिडकीतल्या बाईंनी विचारलं, "पुढे 'आ' राहिला का?" मी म्हटलं, नाही, एवढंच आहे. त्यांनी एकदा मोठ्यानं वाचलं आणि शिक्का मारला.

दिंडोरीच्या दादांनी धाग्यावरच्या ओळखीनं द्राक्षांची पेटी पाठवली, बाळाच्या आजीसाठी म्हणून. माझी आई सध्या इथेच आहे. काटा रुतल्यासारखं म्हणणारी तीच आता बाळाला मांडीवर घेऊन "पक्कं बसलंय बाई" म्हणते.

फ्रिजवरचे दोन्ही कागद काढले. तिथे आता लसीकरणाचं वेळापत्रक लावलंय.

इतकं लिहायला तीन बैठका लागल्या. आतून सासूबाईंची हाक आलीये, "चल गं, ऋत उठलंय."